उतरायची पायरी

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये,
ही म्हण मी सोहारला येताना सोबतच आणली होती,
लोणच्याच्या बरणीसारखी, कपड्यांत गुंडाळून.
पण निकाल हातात घेऊन जो पायरी उतरतो
त्याचं पुढे काय होतं,
याबद्दल आपल्या लोकांनी काही म्हणून ठेवलेलं नाही.

गनीभाई हुर्झुक उतरले मार्चच्या तीन तारखेला
आणि थेट माझ्या टायपिंग सेंटरात आले,
फार्मसी आणि शिंप्याच्या मधल्या त्या गाळ्यात.
"वाच गं बाय."
मी वाचलं: मालकाची तक्रार खोटी,
प्रवासबंदी उठवावी,
खात्याने सात दिवसांत यादीतून नाव काढावं.
अरबी सात म्हणजे वर उघडलेली चिमटी.
उलटी धरली की आठ होतो, हे मीच त्यांना दाखवलं.
ते हसले, आणि कागद लॅमिनेट करायला शिंप्याच्या पलीकडे गेले.

आठ झाले. अठरा झाले.
काउंटरवरचा सालेम फार सभ्य मुलगा,
उभा राहून हात मिळवायचा, खेडची थंडी विचारायचा.
सिस्टम मस्कतला आहे, म्हणायचा,
मस्कतहून उत्तर आलं की लगेच.
उद्धट असता तर बरं झालं असतं,
उद्धटपणाची तक्रार लिहिता येते,
मी कितीतरी लिहिल्यात.

एकदा म्हणाला, हा कागद चालणार नाही,
प्लास्टिकवर शिक्का बसत नाही.
खरंच नाही बसत. निळी शाई गनीभाईंच्या अंगठ्यावर आली.
रात्री खोलीत ब्लेडने त्यांनी लॅमिनेशन सोडवलं
तर कोर्टाचा हिरवा शिक्का प्लास्टिकबरोबर निघून आला.
खाली उरला नुसता मजकूर.

त्याच आठवड्यात कोर्टात एका पोराचा फोन वाजला,
कसलंसं लग्नातलं गाणं.
शिपायाने त्याला दंडाला धरून बाहेर काढलं.
अवमान असा ऐकू यावा लागतो.
यादीत राहिलेल्या नावाचा आवाज होत नाही,
ते आपलं बसलेलं असतं
एसीच्या गारव्यात, सोमवार, मंगळवार.

दोन तिकिटं बुडाली. एक पुतणीच्या लग्नाचं,
दुसऱ्याचं कारण त्यांनी सांगितलं नाही.

ऐंशीव्या दिवशी म्हणाले, "लिही, अवमान झालाय."
"कोणाचा?" मी विचारलं,
कारण अर्जात रकाना आहे.
बराच वेळ ते माझ्या कीबोर्डकडे बघत राहिले,
जिथे एकाच बटणावर दोन लिपी दाटीवाटीने राहतात.
"कोर्टाचाच लिही," म्हणाले.
"माझ्यासाठी वेगळा रकाना आहे का?"
नव्हता.

सुनावणी मंगळवारी.
सोमवारी दुपारी दोनला दहा कमी असताना
नाव यादीतून गेलं.
ऐंशी दिवसांचं काम, सालेम सांगत होता, एक क्लिक.
मंगळवारी कोर्टाने चार ओळी लिहिल्या:
आदेशाचं पालन झालेलं आहे,
हेतू वाईट दिसत नाही, अर्ज निकाली.
मी भाषांतर करून दिलं, अडीच रियाल लावले,
मग अर्धा परत केला.

"न्यायाधीशांना राग नाही आला?"
"इथे तसं काही लिहिलेलं नाही."
"नाही म्हणजे, त्यांचंच ऐकलं नव्हतं ना."
त्यावर मी प्रिंटरमध्ये कागद सारखे केले.

गुरुवारी विमानतळावर जाताना ते दारात थांबले.
आता अडवणार नाही कुणी, मी म्हटलं,
सिस्टममध्ये सगळं साफ आहे.
"असेल," म्हणाले,
आणि सदऱ्याचे दोन्ही खिसे दाबून दाखवले:
डावीकडे आदेश,
उजवीकडे, चौकोनी कापलेल्या प्लास्टिकवर,
शिक्का.